आजीची खुर्ची

पॅरिस,
रविवार, रात्री

ती. बाबा आणि ती. आई,
सा. न.

परवा फोनवर आजीच्या वर्षश्राद्धाचा विषय निघाला आणि तुम्ही दोघंही गप्प झालात. बाबा एवढंच म्हणाले, "ढोंग मला जमणार नाही." आई, तू तर त्यावर एक शब्द बोलली नाहीस. फोन ठेवताना "जेवलीस का?" इतकंच विचारलंस, आणि तुझा आवाज बसला होता. फोनवर हे बोलायला गेले तर पुन्हा कुणीतरी गप्प होईल, म्हणून पत्र.

काल मी ऑगस्ट कॉम्त या फ्रेंच तत्त्वज्ञाचं घर बघून आले. तो जिथे राहिला आणि 1857 साली गेला, ते घर आता त्याच्या नावाने जपून ठेवलंय. बाबा, तुम्हाला नाव नवं नाही. माणसाची बुद्धी आधी देवाधर्मात, मग तत्त्वज्ञानात आणि शेवटी विज्ञानात येते, हे त्याचं म्हणणं तुम्हीच मला अकरावीत समजावून सांगितलं होतं. पाठ्यपुस्तकं तिथेच थांबतात. देवाला असा निरोप दिल्यावर याच माणसाने स्वतः एक धर्म रचला, हे मला इथे येईपर्यंत माहीत नव्हतं. मानवतेचा धर्म. त्यात देव नाही. पण देऊळ आहे, पुरोहित आहेत, संस्कार आहेत, पंचांगसुद्धा आहे.

त्याचं मूळ एका दुःखात आहे. 1844 मध्ये त्याला क्लोतिल्द भेटली. तिचा नवरा जुगारात पैसे उडवून परागंदा झालेला. त्या काळी फ्रान्समध्ये घटस्फोट नव्हता, त्यामुळे दुसरं लग्न होणं शक्य नव्हतं. दीड वर्ष ओळख, पत्रं, आणि 1846 च्या एप्रिलमध्ये ती क्षयाने गेली. वय फक्त एकतीस. ती यायची तेव्हा ज्या खुर्चीत बसायची, त्या खुर्चीपुढे हा माणूस पुढची अकरा वर्षं रोज तीन वेळा गुडघे टेकून बसत असे. कशासाठी? मागायला नाही, कारण देणारा कुणी नाही हे त्याचं ठाम मत. तो तिला आठवायचा. तिचं बोलणं, तिची पत्रं, ठरलेल्या क्रमाने. यालाच त्याने प्रार्थना म्हटलं.

बाबा, आजी गेल्यावर ओटीवरची तिची वेताची खुर्ची तुम्ही कुणाला हलवू दिली नाहीत. दिवाळीत आले होते तेव्हा मी पाहिलंय, रोज सकाळी पेपर उघडण्याआधी तुम्ही ती फडक्याने पुसता. बसत मात्र नाही. त्याबद्दल मी तुम्हाला कधी विचारलं नाही. काल त्या घरात उभी असताना मला तेच दिसत होतं.

त्याच्या पंचांगाबद्दल आईला सांगायचंय. वर्षाचे तेरा महिने, प्रत्येक अठ्ठावीस दिवसांचा, म्हणजे तारीख आणि वार कायम जुळलेले. महिन्यांना नावं माणसांची: मोझेस, होमर, अॅरिस्टॉटल, आर्किमिडीज असं करत दान्ते, गुटेनबर्ग, शेक्सपिअर, देकार्त. रोजचा दिवस कुणा ना कुणा थोर माणसाच्या नावाचा, आपल्या बुद्धालाही त्यात जागा आहे. तेरा अठ्ठे एकशे चार नि तेरा वीस दोनशे साठ, मिळून तीनशे चौसष्ट. एक दिवस उरतो. तो कुठल्याच महिन्यात नाही, कुठल्या वारातही नाही. तो त्याने सगळ्या मृतांसाठी ठेवला. ज्यांचं नाव कुणाला ठाऊक नाही, अशांचाही तो दिवस. आई, ही तर सर्वपित्री अमावस्या! तिथी माहीत नसलेल्यांसाठी तू पान वाढतेस, तेच.

संस्कारही नऊ आहेत. बाळाला समाजापुढे आणण्यापासून सुरुवात. त्रेसष्टाव्या वर्षी निवृत्ती. माणसाने आपलं काम स्वतः निवडलेल्या माणसाच्या हाती सोपवायचं. मृत्यूला त्याने 'रूपांतर' म्हटलंय. आणि शेवटचा संस्कार मृत्यूनंतर सात वर्षांनी: त्या माणसाचं आयुष्य दुसऱ्यांच्या उपयोगी पडलं का, याचा विचार व्हायचा, आणि पडलं असेल तर अस्थी मानवतेच्या देवळाभोवतीच्या राईत न्यायच्या. माणूस मेल्यावर जगतो तो इतरांच्या मनात, एवढंच अमरत्व त्याला मान्य होतं. परोपकारासाठी युरोपात आज सर्रास वापरतात तो 'अल्ट्रुइझम' हा शब्द त्यानेच घडवलेला.

क्लोतिल्द ज्या गल्लीत राहायची, त्या र्यू पायेन्नवर या धर्माचं एक छोटं देऊळ आहे. ते बांधलं ब्राझीलच्या अनुयायांनी, 1905 मध्ये. तिकडे हा धर्म खूप रुजला होता. 1881 मध्ये मिगेल लेमोसने रिओत त्याची संस्था काढली, आणि ब्राझीलच्या झेंड्यावरचं 'सुव्यवस्था आणि प्रगती' हे कॉम्तच्याच ब्रीदातून आलंय. मूळ ब्रीदात आधी 'प्रेम' होतं. झेंड्यावर ते आलं नाही, याचं मला फार वाईट वाटलं.

त्याचं सगळं मला पटलं असं समजू नका. बाईला त्याने देवता केलं, आई-बायको-मुलगी म्हणून पूजा सांगितली, पण घराबाहेरचं काम आणि सत्ता पुरुषांकडेच. इंग्लिश तत्त्वज्ञ जॉन स्टुअर्ट मिलचं आणि त्याचं याच मुद्द्यावर बिनसलं, आणि मी मिलच्या बाजूने आहे. पुढे पुढे तर कुणी काय वाचावं हेही तो ठरवायला लागला. हे भयंकर आहे. पण त्या खुर्चीपुढचं बसणं खरं होतं. देव नाही म्हणून गेलेल्या माणसाचं देणं फिटत नाही, हे त्याला कळलं होतं.

म्हणून माझं मागणं. बाबा, भटजी बोलवू नका, पिंड नकोत, मंत्र नकोत. पण त्या दिवशी आजीची खुर्ची माजघरात मधोमध आणा. तिने दुसऱ्याचं शेत खुरपून तुमची फी भरली, ते तुम्ही आम्हाला तुटक तुटक सांगितलंय. ते एकदा पूर्ण लिहा आणि सगळ्यांसमोर वाचा. शेजारच्या काकूंना बोलवा, आजीच्या हातून ज्यांची बाळंतपणं झाली त्यांनाही. आई, तू तिच्या आवडीची अळूची भाजी आणि खीर कर, आणि कावळ्याला पान ठेवायचं असेल तर ठेव. बाबा, त्या वेळी तुम्ही आत निघून जाऊ नका, आईजवळ उभे राहा. दहा वर्षं आजीला अंघोळ घातली ती तिने.

मी रजा टाकली आहे. आदल्या दिवशी सकाळी पोचेन. खुर्ची मात्र मी येईपर्यंत जागची हलवू नका, आपण दोघं मिळून उचलू.

तुमची,
धाकटी