विहिरीकडचा तुकडा

लिंकन, नेब्रास्का

ती. अण्णा आणि आईस, सा. नमस्कार.

मी मजेत आहे. थंडी कडक आहे, पण घर गरम असतं. वजन उतरलेलं नाही, व्हिडिओत चेहरा तसा दिसतो.

अण्णा, इथे पत्ता विचारला की ‘तीन मैल उत्तरेला, मग एक मैल पूर्वेला’ असं सांगतात. वड नाही, देऊळ नाही, पाण्याची टाकी नाही. सरकारने मोजणीच मैलामैलाच्या चौकोनांत केली, रस्ते त्याच रेघांवरून गेले. एक चौकोन ६४० एकरांचा, त्याचा चतकोर १६०. मोजलेली जमीन सरकार लिलावात विकायचं. पण माणसं लिलावाची वाट कशाला बघतात? आधीच जाऊन बसायची, आपल्याकडे गायरानात बसतात तशी. शेवटी १८४१ साली कायदा केला: जो बसलाय त्याला लिलावाआधी घ्यायचा पहिला हक्क, एकरी सव्वा डॉलर. अख्खा चतकोर २०० डॉलरला! मात्र तिथे घर बांधून राहायचं, जमीन सुधारायची, आणि स्वतःसाठीच घेतोय अशी शपथ घ्यायची. पुढे १८६२ च्या कायद्याने पाच वर्षं राहून कसणाऱ्याला जवळजवळ फुकटच दिली.

लबाड्याही चालायच्या. घर ‘बारा बाय चौदा’ आहे असं शपथेवर सांगायचं. फूट की इंच, ते बोलायचं नाही! रविवारी बिॲट्रिस गावात त्या काळचं एक खरं लाकडी घर पाहिलं. चौदा बाय सोळा फूट, त्यात दहा पोरं. आणि ओटो-मिसूरिया जमातीचे आदिवासी लोक तर या सगळ्यांच्या आधीपासून इथले. पहिला हक्क त्यांना कुणी विचारला नाही.

ती शपथ वाचताना मला आपला विहिरीकडचा तुकडा आठवला. ‘मी तिथे राहतो, कसतो’ असं मला म्हणता येणार नाही. बारा वर्षं राजू कसतोय. वाटणीत तो त्याच्याच नावावर लावा, मी हक्कसोडपत्रावर सही करतो. म्हणजे मी परत येणार नाही असा अर्थ काढू नका. फक्त दोन गुंठे माझ्या नावावर ठेवा, सातबाऱ्यावर शेतकरी तरी राहीन.

ठिबकसाठी ऐंशी हजार पाठवलेत. राजूला मी पाठवले म्हणून सांगू नका. साताऱ्याच्या स्थळाला मी नाही म्हटलेलं नाही, मार्चमध्ये रजा मिळाली की बघू. मिळेलच. तिकीट तेवढं अजून काढलेलं नाही, हे आईला आत्ताच सांगू नका.

तुमचा,
बाळू