शिआनच्या 'इव्हिनिंग हेरिटेज टूर'बद्दल तक्रार, आणि आजच्या फोनबद्दल वेगळी तक्रार

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक सेवा विभाग
(हे पत्र मालकांपर्यंत पोचत असेल तर त्यांनाही)

विषय: चीन ८ दिवस ग्रुप टूरमधली शिआनची संध्याकाळची ऑप्शनल टूर, दोन माणसांचे भरलेले १३,६०० रुपये परत मिळणे आणि माझ्या वडिलांच्या नावाने लेखी माफी

आत्ता दुपारी साडेतीनला तुमच्या कस्टमर केअरचा फोन ठेवला आणि लगेच लिहायला बसले, कारण उद्यापर्यंत थांबले असते तर कदाचित शांत झाले असते आणि मला या विषयात शांत व्हायचं नाहीये. हा पाचवा कॉल होता. पहिले चार कॉल मी वाया गेले म्हणून सोडून दिले असते, पाचवा नाही सोडणार.

टूर काय होती ते तुम्हाला सांगत बसत नाही, तुमचीच आहे. छापील कार्यक्रम माझ्यासमोर आहे, ६ वाजता हॉटेलवरून निघणं, दक्षिण दरवाजातून शहराच्या तटबंदीवर ४५ मिनिटं चालणं, बेल टॉवर आणि ड्रम टॉवरपाशी फोटो स्टॉप, मग ग्रेट वाइल्ड गूज पॅगोडा, दक्षिणेकडचा चौक, युआन श्वांगचा (सातव्या शतकात भारतात येऊन गेलेला चिनी बौद्ध भिक्खू) पुतळा, ४० मिनिटं. साडेनऊला परत. पॅगोडा आतून बघायचा नाही, बाहेरूनच, हेही त्यात स्पष्ट लिहिलंय आणि त्याबद्दल माझी काहीही तक्रार नाही. जे लिहिलं होतं तेवढंच मागतेय.

झालं काय, तर निघालो ६.२५ ला कारण तुमचे टूर मॅनेजर खाली आले नव्हते. त्यानंतर बस कार्यक्रमात कुठेही नसलेल्या एका जेडच्या दुकानात गेली. तिथे आम्ही ५५ मिनिटं होतो. एका मुलीने हिरवे दगड टॉर्च मारून दाखवले, मग सगळ्यांना एका खोलीत बसवून चहा दिला, दार लोटून घेतलं, आणि ग्रुपमधल्या कोणी काही घेत नाहीये म्हटल्यावर तुमच्या माणसाने मराठीत सांगितलं की 'थोडं तरी घ्या, त्यांना बरं वाटतं'. तीन तासांच्या टूरमधली ५५ मिनिटं. तटबंदीचे ४५ मिनिटं तिथेच गेले हे सांगायला गणित यावं लागत नाही.

मग तटबंदी आम्ही खालून बघितली. १२ मीटर उंच भिंत खालून बघितली. वर दिव्यांची रांग दिसत होती, लोक चालत होते, कोणी सायकली चालवत होते, आणि आम्ही खाली बसच्या दारापाशी उभे कारण 'आता तिकीट काढून वर जाण्याइतका वेळ नाही'. १३७० च्या दशकात मिंग राजवटीत बांधलेली, जवळजवळ १४ किलोमीटरचा पूर्ण वेढा आजही उभा असलेली भिंत आहे ती, अशी शाबूत तटबंदी जगात फार थोड्या मोठ्या शहरांना राहिलीय. ४५ मिनिटं मागितली होती, पाच मिळाली. बेल टॉवर बसच्या खिडकीतून, चौकाला वळसा घालताना. बाबा शेजारच्या काकांना उत्साहाने सांगत होते की हा टॉवर १३८४ चा, आणि १५८२ मध्ये तो मूळ जागेवरून उचलून इथे आणलाय, शहराचा मध्य सरकला म्हणून, आणि त्यांचं वाक्य पूर्ण व्हायच्या आत टॉवर मागे गेला. ड्रम टॉवर मी तरी पाहिला नाही. कोणी पाहिला असेल तर त्याने सांगावं.

हे सगळं मी गिळलं असतं. खरंच सांगते, गिळलं असतं, कारण माझ्या वडिलांना त्या संध्याकाळी एकच गोष्ट हवी होती आणि ती शेवटच्या थांब्यावर होती.

माझे वडील ७४ वर्षांचे आहेत. नाशिक जिल्ह्यातल्या एका माध्यमिक शाळेत ३१ वर्षं इतिहास शिकवला त्यांनी. युआन श्वांग त्यांनी किती वर्गांना शिकवला असेल याची मोजदाद नाही. त्यांच्या लहानपणीच्या पुस्तकात तो ह्युएनत्संग होता, नंतरच्या पुस्तकात युआन श्वांग झाला, आणि तिथल्या चिनी गाइडने नीट उच्चार करून दाखवला तेव्हा बाबांनी तो तीनदा म्हणून बघितला. (त्या गाइडबद्दल माझी काही तक्रार नाही हे मुद्दाम लिहितेय, तो मुलगा चांगला होता, त्याला बिचाऱ्याला बोलूच दिलं जात नव्हतं.) हा माणूस सतराएक वर्षं प्रवास करून ६४५ साली तिथे, म्हणजे तेव्हाच्या छांगआनला परतला, ६५७ ग्रंथ घेऊन. ते ठेवायला ६५२ मध्ये तो पॅगोडा बांधला. आणि त्याच प्रवासात तो आपल्याकडे आला होता, चालुक्य राजा दुसऱ्या पुलकेशीच्या काळात, आणि महाराष्ट्राबद्दल आणि इथल्या माणसांबद्दल त्याने लिहून ठेवलंय. डोंगरातल्या एका मठाचं वर्णन आहे त्यात, दारापाशी दगडी हत्ती असलेला, ती आपली अजिंठ्याची लेणी असं अभ्यासक मानतात. तेराशे वर्षांपेक्षा जास्त झाली, परक्या माणसाने आपल्याबद्दल लिहिलेल्या अगदी जुन्या नोंदींपैकी ती एक आहे. बाबांना त्या माणसाच्या पुतळ्यासमोर उभं राहून तो उतारा मराठीत वाचायचा होता. मोठ्याने पण नाही, स्वतःशीच. फुलस्केपवर लिहून नेला होता, शर्टच्या खिशात होता. आणि एक फोटो, जुन्या विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर टाकायला. एवढंच.

तुमच्या बसने आम्हाला उत्तरेच्या बाजूला सोडलं. तिथे कारंजी आहेत, म्युझिकवर नाचणारी, तुफान गर्दी. पुतळा दक्षिणेला आहे. मध्ये अख्खं मंदिराचं आवार आहे, कडेने चालत गेलं तर दहा-पंधरा मिनिटं. हे तुम्हाला माहीत असणारच, तुम्हीच छापलंय 'दक्षिणेकडचा चौक'. बाबा टूर मॅनेजरकडे गेले आणि म्हणाले, पुतळा पलीकडे आहे ना, मी पटकन जाऊन येतो. उत्तर मिळालं, 'काका, तिकडे काही नाहीये, सगळं इथेच आहे, कारंजी बघा.' बाबा म्हणाले कार्यक्रमात लिहिलंय. त्यावर, 'काका या वयात कशाला एवढं चालायचं, हरवाल.' बाबा रोज सकाळी वेताळ टेकडी चढून येतात. बारा मिनिटांनी सगळ्यांना बसमध्ये बोलावलं. बारा. जेडच्या दुकानात ५५.

बसमध्ये बाबांनी तो कागद खिशातून काढला, घडी नीट केली आणि परत ठेवला. मला काही बोलले नाहीत.

आता आजचा फोन. हा मला सविस्तर लिहायचाय कारण तुमच्याकडे कॉल रेकॉर्ड होतो असं तुम्हीच सुरुवातीला ऐकवता, तर ऐका आणि यात एक शब्द जास्तीचा आहे का ते बघा. अकरा मिनिटं होल्डवर, तुमची जाहिरात ऐकत, मग एक बाई आल्या. मी फोन स्पीकरवर ठेवला होता, बाबा समोरच खुर्चीत होते, मीच म्हटलं होतं की ऐका, आज काहीतरी होईल. बाई म्हणाल्या, मॅडम, सिस्टममध्ये सर्व्हिस कम्प्लीटेड दिसतेय. मी म्हटलं सिस्टम तिथे नव्हती, मी होते. त्या म्हणाल्या, पॅगोडा दिसला ना तुम्हाला? मी म्हटलं दिसला, उत्तरेकडून, लांबून, पण पुतळा दक्षिणेला आहे. त्या म्हणाल्या, मॅडम, पुतळा म्हणजे पुतळाच ना, गूगलवर पण आहे. मी काही बोलले नाही, कारण बोलले असते तर वाईट बोलले असते. मग त्यांनी कोणालातरी विचारलं, फोनवर हात ठेवून, ते ऐकू येत होतं, आणि परत येऊन म्हणाल्या, 'मॅडम, टूर मॅनेजर सरांचं म्हणणं आहे की ग्रुपला सगळे पॉइंट दाखवले. सीनियर सिटिझन्सचं कसं असतं ना मॅडम, ते बघतात पण नंतर लक्षात राहत नाही, तुमच्या बाबांनी कदाचित बघितला असेल आणि विसरले असतील.'

बाबा समोर बसले होते.

ज्या माणसाला बेल टॉवर कोणत्या साली हलवला ते तोंडपाठ आहे, तीस वर्षांपूर्वीच्या विद्यार्थ्यांचे हजेरी नंबर सांगतो, तो विसरला. आणि विसरला काय, तर जी गोष्ट बघण्यासाठी गेला होता तीच. बाबा उठून गॅलरीत गेले. मी विचारलं तुमचं नाव काय, तर 'ते सांगता येत नाही मॅडम'. मी म्हटलं वरिष्ठांना द्या, तर 'सर मीटिंगमध्ये आहेत'. मग म्हणाल्या की गुडविल म्हणून पुढच्या टूरला प्रत्येकी २,००० रुपयांचं व्हाउचर देऊ, आणि कॉल संपल्यावर मेसेज येईल त्यात ५ रेटिंग द्या. आला मेसेज. दिलं नाही.

तुमच्या टूर मॅनेजरची चूक म्हणून मी तेरा हजार सोडून दिले असते एक वेळ, बसला पार्किंग मिळालं नसेल, उशीर झाला असेल, माणूस आहे, चुकतो. पण चूक लपवायला माझ्या वडिलांना विसराळू ठरवणं ही चूक नाही, हा अपमान आहे, आणि तो तुमच्या ऑफिसात दोन जणांनी आपसात ठरवून केला, फोनवर हात ठेवून.

वाईट याचं वाटतं की तुमच्याबरोबर आम्ही पहिल्यांदा गेलो नव्हतो. आई होती तेव्हा केरळ केलं, नेपाळ केलं. आई गेल्यावर बाबा कुठे जायलाच तयार नव्हते, चीनची तुमची जाहिरात मीच दाखवली आणि त्यात शिआन बघून त्यांनी हो म्हटलं. घरात कोणाला टूर घ्यायची असली तर आम्ही तुमचंच नाव सांगायचो. सकाळचे टेराकोटा सैनिक छान दाखवलेत, बीजिंग छान झालं, ते नाकारत नाही. म्हणून तर कळत नाही की एका जेडच्या दुकानासाठी, तिथून जे काही मिळत असेल त्यासाठी, हे सगळं का घालवलंत. ५५ मिनिटं. मी पुन्हा लिहितेय कारण पाच कॉलमध्ये एकानेही दुकानाबद्दल चकार शब्द काढला नाही, विषय आला की 'ते नोट केलंय' म्हणून पुढे.

मला काय हवंय ते लिहिते. एक तर दोघांचे मिळून १३,६०० रुपये परत, व्हाउचर नको, तुमच्याबरोबर पुढची टूर होणार नाहीये. दुसरं, वडिलांच्या नावाने लेखी माफी, जबाबदार माणसाच्या सहीची, त्यात 'गैरसमज झाला असल्यास' वगैरे नको, पुतळ्यापाशी नेलं नाही असं स्पष्ट लिहिलेलं. पैशांपेक्षा मला ती जास्त हवीय. आणि आजचं रेकॉर्डिंग डिलीट करू नका.

पंधरा दिवसांत हे झालं नाही तर आधी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार आणि मग जिल्हा ग्राहक आयोगात केस. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार मी राहते तिथेच, पुण्यात, दाखल करता येते, आणि पाच लाखांच्या आतल्या व्यवहाराला फीसुद्धा नाही. वकील लागला तर बाबांचे दोन विद्यार्थी वकील आहेत आणि दोघांना आज संध्याकाळपर्यंत हे कळलेलं असेल. ग्रुपमधल्या आणखी चार कुटुंबांशी बोलले आहे, दुकानाची वेळ सगळ्यांना आठवतेय, फोटोंवर वेळ आहे, कारंज्याच्या फोटोंवर पण आहे.

बाबांच्या त्या कागदावर युआन श्वांगने मराठी माणसाबद्दल जे लिहिलंय ते असं आहे की हे लोक उपकार विसरत नाहीत, अपमान केला तर जिवाची पर्वा न करता बदला घेतात, पण बदला घ्यायच्या आधी समोरच्याला सूचना देतात. बाबा वर्गात हे सांगायचे तेव्हा पोरं खूश व्हायची. ही सूचना आहे.

उत्तर मेलवर द्या. फोन करू नका, घरचा फोन बऱ्याचदा बाबा उचलतात.

बुकिंग माझ्या नावावर आहे, नंबर मेलच्या विषयात टाकलाय. छापील कार्यक्रमाचा फोटो आणि पैसे भरल्याची पावती जोडली आहे.

एक ग्राहक, कोथरूड, पुणे