रेल्वेतला ‘खलाशी’ चुकीचा नाही

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मिरजेतील एका निवृत्त रेल्वे कर्मचाऱ्याच्या सत्काराचे वृत्त आपण नुकतेच छापले होते. त्यात ते ‘खलाशी म्हणून नोकरीस लागले’ असे वाक्य होते. खलाशी जहाजावर असतो, रुळांवर नव्हे, तेव्हा तेथे ‘मदतनीस’ हवे, अशी दुरुस्ती एका वाचकांनी सुचवली आणि आपण ती मान्य केल्याची टीपही दिली. ही टीप मागे घ्यावी, अशी विनंती करण्यासाठी हे पत्र लिहीत आहे.

पत्रलेखकांचा समज स्वाभाविक आहे, कारण पुस्तकी मराठीत खलाशी म्हटले की शीड आणि समुद्रच डोळ्यांसमोर येतो. परंतु आमच्या भागात हा शब्द रोजच्या बोलण्यात आला तो रेल्वेमुळे. कृष्णेत होडी चालवणाऱ्याला येथे नावाडी म्हणतात. उलट मीटर, नॅरो आणि ब्रॉड असे तिन्ही गेज एकेकाळी ज्या स्थानकात एकत्र येत, त्या मिरजेत खलाशी म्हणजे कोण, हे कोणाला सांगावे लागत नसे. डब्यांच्या दुरुस्तीत, लोको शेडमध्ये, सिग्नल आणि वीज विभागात फिटरच्या हाताखाली जड सामान उचलणारा, बसवणारा, ओढणारा तो खलाशी. त्याच्या वरची पायरी खलाशी हेल्पर आणि पुढे कारागीर.

शब्दाचे मूळ अरबी ‘खलास’मध्ये, म्हणजे सुटका किंवा मोकळे होणे यात सांगितले जाते. याच धातूचे शब्द मराठीत कितीतरी आहेत. संपलेले ते खलास, गाठ सोडवून सांगितलेले तो खुलासा, भेसळ नसलेले ते निखालस. आणि 1848 साली डलहौसीने साताऱ्याचे राज्य ‘खालसा’ केले, तो शब्दही याच कुळातला. सुटकेपासून जहाजावरच्या माणसापर्यंत अर्थ कसा पोहोचला, याची निरनिराळी स्पष्टीकरणे दिली जातात. दोर सोडणे आणि आवळणे हे ज्याचे काम तो खलाशी, असे मला वाटते. मात्र हा केवळ माझा तर्क आहे आणि त्याला पुराव्याचे वजन कोणी देऊ नये.

तर्क बाजूला ठेवला तरी जुन्या कोशांची साक्ष पुरेशी आहे. 1886 साली प्रसिद्ध झालेल्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या अँग्लो-इंडियन शब्दकोशात खलाशाचे अर्थ तंबू ठोकणारा, मोजणीदाराबरोबर साखळी धरणारा आणि देशी नाविक असे दिलेले आहेत. या तिन्ही कामांत पाणी समान नाही. तंबू आणि शीड यांत समान आहे ते कापड, दोर आणि खांब. ज्याला कनात ताणून उभी करता येते त्याला शीडही बांधता येते, आणि असा गडी मोजणीलाही उपयोगी पडतो. रेल्वेच्या मार्गाची आखणी मोजणीनेच सुरू होत असे, त्यामुळे साखळी धरणारा खलाशी रुळांच्याही आधी तेथे हजर होता, असे म्हटले तरी चालेल. शब्द भारतभर असाच पसरलेला आहे. बंगाल-ओडिशाकडे बस आणि ट्रकवरच्या, आपण ज्याला क्लीनर किंवा किन्नर म्हणतो, त्यालाही खलासीच म्हणतात.

जहाज आणि रेल्वे यांची गाठ प्रत्यक्ष पडल्याचे उदाहरणही आहे. 8 जुलै 1988 रोजी केरळात पेरुमन येथे आयलंड एक्स्प्रेसचे डबे पुलावरून अष्टमुडी सरोवरात कोसळले आणि शंभराहून अधिक प्रवासी दगावले. बुडालेले डबे वर काढण्यासाठी कोझिकोडजवळच्या बेपूरचे मापिला खलाशी बोलावण्यात आले. लाकडी जहाजे दोर, कप्पी आणि अंगबळावर पाण्यात लोटणे हे त्यांचे पिढीजात काम. त्या दिवसांत रेल्वेचे डबे हलवणारे ते लोक कोणत्या अर्थाने खलाशी होते, याचे उत्तर पत्रलेखकांनीच द्यावे.

हा शब्द एकटाही नाही. कोकणात होडीच्या प्रमुखाला तांडेल म्हणतात. तोच शब्द ‘टिंडल’ होऊन बांधकामावरच्या मजुरांच्या टोळीप्रमुखालाही लागला. दोघांचेही काम एकच, म्हणजे माणसांकडून एका दमात जोर लावून घेणे.

शब्दाची ओढाताण रेल्वेनेही केली आहे, हे मान्य करावे लागेल. साहेबांच्या बंगल्यावर फोन घेणाऱ्या आणि प्रत्यक्षात घरकाम करणाऱ्या माणसाच्या पदनामात ‘डाक खलासी’ असे शब्द होते. अशा नव्या नेमणुका रेल्वे बोर्डाने ऑगस्ट 2020 मध्ये थांबवल्या, ते योग्यच झाले. अलीकडच्या भरतीच्या जाहिरातींत तर ‘असिस्टंट’ हेच नाव दिसते. नव्या माणसाला ते नाव जरूर द्यावे. पण ज्यांची नोकरी खलाशी या पदावर सुरू झाली आणि ज्यांच्या सेवापुस्तिकेत तसे लिहिलेले आहे, त्यांच्याविषयीच्या बातमीत ‘मदतनीस’ घालणे म्हणजे कागदोपत्री असलेले पद बदलणे होय.

तेव्हा संबंधित वृत्तातील मूळ शब्द कायम ठेवावा आणि यापुढे रेल्वेसंबंधीच्या मजकुरात तो अवतरणचिन्हांशिवाय छापावा, ही विनंती.

आपला,
एक वाचक, मिरज (जि. सांगली)