‘आमिष’ हा शब्द जरा बाजूला ठेवा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या आठवड्यात आपल्या शहर पानावर नागपूर स्टेशनवर गाडीतून उतरवून घेतलेल्या चार मुलींची बातमी होती. त्या मुली ‘नोकरीच्या आमिषाला भुलून’ निघाल्या होत्या, असं तीत दोनदा छापलं होतं. या ‘आमिष’ शब्दाविषयी लिहायचं आहे. मी एकतीस वर्षं रेल्वेत टी.सी. होतो, त्यातली बरीच नागपूर-इटारसी पट्ट्यात गेली. अशा मुलींची तिकिटं मी तपासलेली आहेत.

पण आधी एका सिनेमाबद्दल. माझा भाचा कॉलेजात शिकवतो. त्याने धरमपेठेत एका हॉलमध्ये विद्यार्थ्यांसाठी आफ्रिकेतला जुना सिनेमा लावला होता. मला बोलावलं ते खुर्च्या भरायला, हे मी ओळखून होतो. सेनेगलचा, १९६६ सालचा, काळा-पांढरा, जेमतेम तासाभराचा. दिग्दर्शक ऊस्मान सेंबेन. हे गृहस्थ तरुणपणी फ्रान्समध्ये मार्सेय बंदरात हमाली करत. पुढे कादंबऱ्या लिहिल्या, पण आपल्या लोकांना वाचताच येत नाही तर लिहून काय उपयोग, म्हणून सिनेमाकडे वळले. सिनेमाचं नाव ‘ला न्वार द...’, म्हणजे ‘अमक्याची काळी’. अमका कोण, ते नुसत्या टिंबांत.

गोष्ट दिउआना नावाच्या मुलीची. डकार शहरात फूटपाथवर बायका कामाची वाट पाहत बसलेल्या असतात. आपल्याकडचा ठिय्याच तो. फ्रेंच बाई आली की सगळ्या तिच्याभोवती गर्दी करतात, दिउआना जागची हलत नाही. बाई नेमकी तिलाच निवडते. हा हिशेब मी आमच्या घराजवळच्या ठिय्यावर ठेकेदारांना करताना रोज पाहतो. पुढे होऊन मजुरी विचारणारा मागे राहतो, गप्प उभा असलेला गाडीत बसतो.

डकारमध्ये तिला मुलं सांभाळायचं काम असतं. मग मालक-मालकीण तिला फ्रान्सला बोलावतात. जहाजातून उतरते तेव्हा अंगावर चांगले कपडे, कानात मोठे डूल, आणि मनात एकच विचार, आपल्याला घ्यायला कुणी आलं असेल का? आलेलं असतं. मालक स्वतः मोटार घेऊन आलेला असतो. साखळ्या नाहीत, चाकू नाही, कुणी तोंडावर रुमाल दाबत नाही. फ्लॅटमध्ये पोचल्यावर कळतं की मुलं तिथे नाहीतच. स्वयंपाक आहे, धुणं आहे, फरशी आहे. पगार आज-उद्यावर. फ्रान्स म्हणजे तिच्यासाठी स्वयंपाकघर, न्हाणीघर आणि झोपायची खोली.

मला सगळ्यात लागला तो पत्राचा प्रसंग. गावाहून आईचं पत्र येतं. दिउआनाला वाचता येत नाही, तेव्हा मालक वाचून दाखवतो, आणि तिला न विचारता उत्तरही लिहायला बसतो. मी बरी आहे, वगैरे. ती आईचं ते पत्र फाडून टाकते.

शेवट सांगू नये म्हणतात, पण साठ वर्षांचा जुना सिनेमा आहे, सांगतो. ती त्या घरातून जिवंत परत येत नाही. मालक तिची पेटी आणि पैसे घेऊन डकारला तिच्या आईकडे जातो. आई पैशाला हात लावत नाही.

दिवे लागल्यावर मुलं आफ्रिकेतल्या गरिबीवर बोलू लागली. एकाने वसाहतवाद काढला, तोही बरोबरच होता. मी मात्र २००९ च्या हिवाळ्यातल्या एका स्लीपर डब्यात जाऊन बसलो होतो.

बिलासपूरकडून येऊन दिल्लीकडे जाणारी गाडी. पांढुर्णा मागे पडलं होतं. पाच मुली आणि एक माणूस, सहा जणांचं एकच तिकीट. काउंटरचं, कन्फर्म. मुली चौदा-पंधराच्या वाटत होत्या, तिकिटावर सगळ्यांची वयं अठराच्या पुढची. माणूस म्हणाला, “साहब, सब गाँव की बच्चियाँ हैं, काम पे जा रही हैं.” खोटं काहीच बोलला नाही तो. खिडकीजवळच्या मुलीने नवा स्वेटर घातला होता, घडीच्या रेघा अजून दिसत होत्या. तिने विचारलं, “दिल्ली कब आएगी?” मी वेळ सांगितली, चार्टवर सहा नावांपुढे खुणा केल्या आणि पुढच्या कूपेत गेलो. विनातिकीट असत्या तर पावती फाडली असती, इटारसीला उतरवून पोलिसांच्या हवाली केलं असतं. तिकीट बरोबर होतं, म्हणून विषय संपला.

त्या काळी काउंटरच्या साध्या तिकिटाला ओळखपत्र लागत नसे. १ डिसेंबर २०१२ पासून सगळ्या आरक्षित डब्यांत ते लागू झालं, पण तिकिटावरच्या एकाने दाखवलं की पुरतं. एका फॉर्मवर सहा नावं, आणि ओळखपत्र दाखवणारा बहुधा तोच, जो मुलींना घेऊन चाललेला असतो. हे मी कुणाला दोष द्यायला लिहीत नाही. पाचही जणींची ओळखपत्रं बघायची म्हटली तर डबा निम्माही तपासून होत नाही. पण दलालाला हे माहीत असतं, बातमी लिहिणाऱ्यालाही माहीत असावं.

आता शब्दाकडे येतो. आमिष गळाला लावतात, मासा हावरेपणाने गिळतो. चहाच्या टपरीवर बातमी वाचणारा म्हणतो, “कशाला गेल्या होत्या?” त्या मुली आमिषाला नाही, नोकरीला निघाल्या होत्या. आपण निघतो तशाच. माझी धाकटी पुण्याला नोकरीला गेली तेव्हा ती आमिषाला भुलली असं कुणी म्हणालं नाही. कायदाही मुलीला हे विचारत नाही. भारतीय न्याय संहितेच्या कलम १४३ मध्ये स्पष्ट लिहिलं आहे की, व्यक्तीची संमती होती की नव्हती हे मानवी अपव्यापाराचा, म्हणजे माणसांच्या तस्करीचा, गुन्हा ठरवताना गैरलागू आहे. ‘अपव्यापार’ हा शब्द संविधानाच्या अनुच्छेद २३ च्या मराठी पाठातलाच, वेठबिगारीच्या शेजारी बसलेला. आमच्या घरापासून दीक्षाभूमी चालत जाण्याच्या अंतरावर आहे, तरी हा अनुच्छेद मी निवृत्तीनंतर वाचला.

म्हणून विनंती एवढीच. मुलींचं नाव-गाव छापू नका, ते बरोबरच आहे. पण पुढच्या वेळी हेही विचारून छापा: पगार किती ठरला होता? तो कुणाच्या हातात पडणार होता? तिकीट कुणी काढलं, वयं कुणी लिहिली? आणि ज्या घरी त्या कामाला जाणार होत्या, ते घर कुणाचं? शेवटचा प्रश्न मी आजवर कुठल्याच बातमीत वाचलेला नाही. आमच्या सोसायटीत तिसऱ्या मजल्यावर ‘चोवीस तासांची’ एक मुलगी आहे, गच्चीवर कपडे वाळत घालताना दिसते. तिचा पगार दर महिन्याला कुणीतरी माणूस येऊन घेऊन जातो, असं वॉचमन सांगतो. रविवारी सेक्रेटरींना घेऊन मी त्या घरी जाणार आहे. बायको म्हणते, लोकांच्या घरात कशाला डोकावता.

आपला,
एक निवृत्त टी.सी., नागपूर
(नाव व पत्ता संपादकांकडे)