टायपिंग सर्व्हरला ऐकू येत नाही

संपादक महोदय,

गेल्या शनिवारी आमच्याकडे कामाला येणाऱ्या मावशींच्या मुलीबरोबर शिष्यवृत्तीचा अर्ज भरायला नाशिक रोडच्या एका नेट कॅफेत गेले होते. एकच लांबलचक पान : पत्ता, तीन वर्षांचे गुण, बँकेचा खाते क्रमांक. एका बोटाने टाइप करत तिने बराचसा अर्ज भरला. मग उत्पन्नाचा दाखला स्कॅन करायच्या रांगेत वीसेक मिनिटे गेली. परत येऊन तिने 'जतन करा' दाबले, तर इंग्रजीत एक ओळ आली : सेशन एक्स्पायर्ड. भरलेले सगळे गेले. "ताई, माझंच काही चुकलं का?" तिने हळूच विचारले.

तिचे काही चुकले नव्हते. गेली चौदा वर्षे मी जावा या प्रोग्रॅमिंगच्या भाषेत अशीच वेबपाने बांधते, म्हणून हे छातीठोकपणे लिहिते आहे. पानाचा सोर्स, म्हणजे त्यामागचा कोड, उघडला, तर त्यात 'javax.faces.ViewState' नावाचे लपवलेले फील्ड दिसले. म्हणजे पान जावासर्व्हर फेसेसचे (जेएसएफ). 2004 साली आलेल्या या फ्रेमवर्कमध्ये, म्हणजे पाने बांधायच्या तयार सांगाड्यात, पान सर्व्हरवर (पोर्टल चालवणाऱ्या संगणकावर) घडते. त्याची अवस्था बहुतेक वेळा सर्व्हरच्या सेशनमध्ये, म्हणजे त्याने प्रत्येक वापरणाऱ्यासाठी ठेवलेल्या तात्पुरत्या नोंदीत, राहते आणि ब्राउझरकडे असते ती फक्त तिची किल्ली. टॉमकॅट या जावाच्या सर्व्हर प्रोग्रॅमवर वेगळे काही सांगितले नाही तर सेशनची मुदत शेवटच्या रिक्वेस्टपासून 30 मिनिटे. मुलगी आधी टाइप करत होती, मग रांगेत होती, पण या सगळ्या वेळात सर्व्हरकडे एकही रिक्वेस्ट गेली नाही. त्याच्या लेखी ती केव्हाच उठून गेली होती.

अशा वेळी 'हे जुने झाले, सगळे रिअ‍ॅक्टमध्ये नव्याने करा' असा सल्ला मिळतो (रिअ‍ॅक्ट म्हणजे पान ब्राउझरमध्येच घडवणारी जावास्क्रिप्टची लायब्ररी). मला तो पटत नाही. तक्ता, कॅलेंडर, फाइल अपलोड हे सगळे जेएसएफसाठीच्या प्राइमफेसेससारख्या लायब्ररीत तयार मिळते. तीन-चार जणांची टीम त्यावर मोठी यंत्रणा वर्षानुवर्षे सांभाळू शकते. आणि या दुखण्यावरचा इलाज 2009 सालच्या जेएसएफ 2.0 पासून हाताशी आहे. एक रकाना भरून पुढच्यावर गेले की एजॅक्सने, म्हणजे पान न बदलता मागच्या मागे, तेवढी माहिती सर्व्हरकडे पाठवायची आणि मसुदा म्हणून डेटाबेसमध्ये ठेवायची. सेशन संपले तरी पुन्हा लॉगिन केल्यावर अर्ज होता तिथूनच पुढे भरता येतो. मुदत संपत आल्याची सूचनाही पानावरच्या छोट्या टायमरने देता येते. एका पतसंस्थेच्या कर्ज अर्जासाठी आम्ही हे केले, तेव्हा दोघांचे आठवड्याभराचे काम होते.

मग होत का नाही? कामाच्या करारात 'अर्ज सादर व्हावा' एवढेच लिहिलेले असते, मसुद्याचा उल्लेखच नसतो. चाचणी करणाऱ्याकडे सगळी कागदपत्रे आधीच स्कॅन केलेली असतात. त्याचा अर्ज दहा मिनिटांत भरून होतो. माझी कळकळीची विनंती आहे की सरकारी पोर्टलच्या निविदेत दोन अटी घालाव्यात : अर्धवट अर्ज आपोआप जतन व्हावा आणि मुदत संपण्याआधी मराठीत सूचना यावी. काम ताब्यात घेताना अर्धा अर्ज भरून तासभर थांबावे आणि मगच सही करावी.

त्या मुलीचा अर्ज आम्ही रात्री माझ्या लॅपटॉपवर पुन्हा भरला. प्रत्येक रकाना तिने आधी वहीत लिहून घेतला होता.

– एक जावा प्रोग्रॅमर, नाशिक