जपानी सिनेमा म्हणजे फक्त कुरोसावा नाही

संपादक महोदय,

आपल्या पुरवणीत जुन्या जपानी सिनेमावर लिहून येतं तेव्हा गाडी कुरोसावापाशीच थांबते, त्याच काळातल्या दिग्दर्शक सादाओ यामानाकाचं नावसुद्धा नसतं, याचं खरंच वाईट वाटतं. त्याचा १९३७चा 'ह्युमॅनिटी अँड पेपर बलून्स' बघा. एदोमधली (म्हणजे जुन्या टोकियोतली) गरीब चाळ, नोकरीसाठी बापाचं पत्र घेऊन श्रीमंताच्या दारात रोज अपमान सोसणारा बेकार सामुराई, आणि घरात कागदाचे फुगे करत बसलेली त्याची बायको. तलवारबाजी जवळपास नाहीच! सुरुवातीलाच एका म्हाताऱ्या सामुराईने गळफास घेतलेला असतो, पोटासाठी तलवार विकल्यामुळे सामुराईच्या रीतीने तलवारीने जीव द्यायलाही त्याच्याकडे नुसतं बांबूचं पातं उरलेलं, हे ऐकून पोटात गोळाच येतो.

चोजुरो कावारासाकी आणि कानेमोन नाकामुरा हे दोघं मुख्य नट काबुकीतून (जपानी पारंपरिक नाटकातून) बाहेर पडून १९३१ला उभ्या राहिलेल्या झेनशिनझा नाटकमंडळीतले, त्यामुळे सगळे नट वर्षानुवर्षं एकाच चाळीत राहिल्यासारखे वाटतात. कॅमेरा अकिरा मिमुराचा, तो आधी हॉलिवूडला काम करून आलेला, आणि पावसात भिजलेली ती गल्ली त्याने काय टिपलीय!

सिनेमा लागला आणि यामानाकाला सैन्यात बोलावणं आलं, १९३८ला चीनमध्ये आजारपणात तो गेला, वय फक्त २८. पूर्ण सिनेमे तीनच उरलेत. त्या तिघांवर एक सविस्तर लेख छापा ना, प्लीज.

आपला एक वाचक