आबांच्या प्रश्नाचे उत्तर

कोल्हापूर

तीर्थरूप आबा आणि सौ. आईस,
साष्टांग नमस्कार.

आबा, गेल्या महिन्यात फोनवर तुम्ही एकच प्रश्न विचारलात, "त्या दिवशी तू तिथे होतास का?" आणि मी रेंज नसल्याचे सांगून फोन ठेवला. होतो. ७ जून २०२३ रोजी कोल्हापुरात दंगल झाली, तेव्हा शिवाजी चौकातल्या गर्दीत मी होतो. दगड मी उचलला नाही; पण आदल्या रात्री दोनपर्यंत जागून आमच्या संघटनेतल्या ज्यांनी पोरांना चौकात यायचे निरोप धाडले, त्यांतला एक मी होतो.

त्यानंतर शहरातले इंटरनेट बंद झाले. खोलीत आम्ही सहा जण बसलो होतो आणि पुढचा निरोप आल्याशिवाय एकमेकांशी काय बोलावे, हे कोणालाच सुचत नव्हते. पहिली शंका तेव्हा आली. तरी संघटना सोडायला आणखी सात महिने गेले, कारण खोली त्यांची, नोकरी त्यांच्या ओळखीची आणि तापात डबा आणून देणारेही तेच. आई, तू स्वतःच्या संस्कारांना बोल लावत बसशील म्हणून मुद्दाम लिहितो, वसतिगृहात एकटा पडलो होतो तेव्हा मला आधी तो डबा मिळाला, द्वेष पुष्कळ नंतर.

जर्मनीत बर्न्ड वाग्नर हे माजी पोलीस अधिकारी आणि इंगो हासेलबाख हा पूर्वाश्रमीचा नवनाझी पुढारी यांनी २००० साली 'एक्झिट-डॉइचलँड' हे काम सुरू केले. अशा संघटनांतून बाहेर पडणाऱ्याला तिथे संरक्षणापासून कामधंद्यापर्यंत मदत मिळते आणि जुन्या विचारांचा हिशेबही त्याच्याकडून मांडून घेतला जातो. ही माहिती कॉलेजातल्या सरांनी वाचायला दिली. माझ्या वाट्याला आले ते हे सर आणि गोकुळ शिरगावच्या फौंड्रीतले मिस्त्री. मिस्त्रींना मी सगळे सांगितले, तर ते एवढेच म्हणाले, "पाळी चुकवू नकोस." आता मोल्डिंगवर, म्हणजे ओतकामाचे वाळूचे साचे करायच्या कामावर आहे. वाळू मुठीत दाबून मूठ उघडली की गोळा अखंड राहिला पाहिजे. ती ओल हाताला कळायला मला दोन महिने लागले.

त्या दिवशी ज्यांच्या बेकरीची काच फुटली, त्यांच्याकडेही जाऊन आलो. पाठ केलेली वाक्ये अर्ध्यावरच राहिली. त्यांनी काचेचे पैसे घेतले नाहीत आणि माफ केले असेही म्हणाले नाहीत. "गिऱ्हाईक आहे, बाजूला उभा राहा," म्हणाले. मी पाव किलो खारी घेतली, तिचे पैसे मात्र त्यांनी मोजून घेतले. दर रविवारी जातो. अजून बोलत नाहीत.

बेंदराची सुट्टी मागितली आहे. गावात माझ्याबद्दल तुम्ही काय सांगितले आहे ते कळवा, असे लिहिणार होतो. पण नकोच, कोणी विचारले तर मी खरे तेच सांगेन, आणि ते तुम्हाला जड जाणार असेल तर तसे आधी कळवा, मी रात्रीच्या गाडीने येऊन पहाटे परत निघेन.

आपला,
बाळू